घरच्या तेलाने झोप का येत नाही?

प्रश्न : सुट्टीत आम्ही केरळला वर्कलाला गेलो होतो. मुलांना ह्यांच्या ताब्यात देऊन मी कड्यावरच्या एका केंद्रात तासाभराची तेलमालिश करून घेतली. खिडकीतून समुद्राची गाज ऐकू येत होती. दहाव्या मिनिटाला मला झोप लागली आणि मी चक्क घोरत होते म्हणे! त्याच तेलाची बाटली घरी आणली आहे. रोज रात्री मान आणि गुडघे चोळते. झोप सोडाच, उद्या डब्यात कोणती भाजी द्यायची हेच डोक्यात घोळत राहतं. तेल तेच, मग फरक कशाचा?
– एक वाचक, पुणे

उत्तर : फरक हाताचा. घरी चोळणारा हात तुमचाच आहे, तिथेच घोडं अडतं.

स्वतःला गुदगुल्या करून पाहा, होत नाहीत. सेरा-जेन ब्लेकमोर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९८ साली लंडनमध्ये मेंदूच्या प्रतिमा घेऊन याचा छडा लावला. आपला हात आपल्याच अंगाला कुठे, किती जोरात लागणार याची वर्दी लहान मेंदूला आधीच असते. अपेक्षित स्पर्शाची मग मेंदू फारशी दखल घेत नाही. परका हात कुठे वळेल हे मात्र ठाऊक नसतं, म्हणून तो पुरेपूर जाणवतो. शिवाय स्वतःची मान चोळायची तर खांदा उचलून धरावा लागतो. ज्याला विश्रांती द्यायची त्यालाच कामाला लावल्यासारखं झालं हे.

दुसरी गोष्ट वेगाची, आणि ती फार मजेदार आहे. स्पर्शाची खबर मेंदूकडे नेणारे मज्जातंतू एकाच जातीचे नसतात. काही सुसाट असतात, सेकंदाला पन्नासेक मीटर धावणारे. काय लागलं, कुठे लागलं, हे ते क्षणात कळवतात. पण केसाळ त्वचेत, म्हणजे पाठीवर, हातापायांवर, आणखी एक अगदी संथ जात असते. तिचा वेग सेकंदाला जेमतेम एक मीटर. पोटरीवरून फिरलेल्या हाताची तिची खबर सेकंदभर उशिराच पोचते. ही जात घाईच्या रगडण्याला फारशी दाद देत नाही. तिला हवा असतो हळुवार हात, सेकंदाला एक ते दहा सेंटिमीटर सरकणारा, तोही त्वचेइतकाच उबदार. स्वीडनमधल्या गोथेनबर्गच्या संशोधकांनी २००९ साली दाखवलं, की हे तंतू ज्या वेगाला सर्वांत जास्त संदेश पाठवतात, तोच वेग माणसाला सर्वांत सुखद वाटतो. तीन सेंटिमीटरचा हिशोब धरला, तर मनगटापासून कोपरापर्यंत जायला आठेक सेकंद लागतात. केरळात अनेकदा दोघीजणी लाकडी द्रोणीच्या दोन बाजूंना उभ्या राहून कोमट तेलाने एकाच लयीत हात फिरवतात, ते उगाच नाही. तुम्ही घरी गॅस बंद केला का हे आठवत गुडघा चोळत असाल, तर आठ सेकंदांत चार फेऱ्या होत असतील.

आता समुद्राचं. लाटांच्या आवाजात दचकवणारं काही नसतं. तो हळूहळू चढतो, फुटतो, ओसरतो, आणि थोड्या वेळाने पुन्हा तेच. कानाला दखल घ्यावी असं नवं काही सापडत नाही. शिवाय त्या गाजेत बाकीचे बारीकसारीक आवाज बुडून जातात. आईचा कान झोपेतही मुलांच्या हाकेवर असतो, हे तुम्हाला सांगायला नको. त्या तासात तिथे ‘आई’ अशी हाक येण्याची शक्यताच नव्हती. माझ्या मते निम्मी झोप त्या निश्चिंतीनेच आणली.

जाता जाता एक गैरसमज. मालिशीने ‘अंगातलं विष निघून जातं’ असं तुम्हाला तिथे सांगितलं असेल, तर ते सोडून द्या. स्नायूंत तयार होणारं लॅक्टिक आम्लही श्रम थांबल्यावर तासा-दीड तासात शरीर आपलं आपण निपटतं. आणि एकच पोटरी सुजून दुखत असेल, तर ती चोळू नका. आधी डॉक्टरांना दाखवा.

समुद्र आणि मालिश ही जोडी मात्र जुनी आहे. पाटण्यात १७५९ साली जन्मलेल्या शेख दीन मुहम्मद यांनी १८१४च्या सुमारास इंग्लंडमधल्या ब्रायटन या किनाऱ्यावरच्या गावात वाफेचं स्नान आणि अंग चोळून देण्याचं दुकान थाटलं. चौथा जॉर्ज आणि चौथा विल्यम या दोन्ही राजांनी त्यांना आपले ‘शॅम्पूइंग सर्जन’ नेमलं. ‘शॅम्पू’ हा शब्द आपल्या चंपीच्याच कुळातला. तेव्हा त्याचा अर्थ अंग रगडणं असा होता, केसांशी त्याचं लग्न पुढे लागलं.

उरलं बाटलीचं. ती ह्यांच्या हातात द्या. तेल आधी कोमट पाण्यात ठेवून घ्यायचं, मनगट ते कोपर आठ सेकंद मोजायचे, आणि मध्येच ‘झालं का?’ विचारायचं नाही. मुलं झोपल्यावर, दार लावून.