रिकाम्या हवेतील षड्ज

केळापूर,
कार्तिक शुद्ध एकादशी.

चि. बाळ यास,

नवरात्रात जगदंबेच्या यात्रेस आलास तेव्हा ओसरीवर मांडून दाखविलेले तुझे थेरेमिन, म्हणजे स्पर्श न करता हवेतल्या हवेत हात हलवून वाजवायचे ते विजेचे वाद्य, आता पुरे झाले, याचा मला मनापासून आनंद आहे. परंतु ‘रियाजावाचून कोणासही वाजविता येईल’ असा मजकूर तू त्याच्या जाहिरातीत घालणार आहेस, तो घालू नकोस, एवढ्याचसाठी हे पत्र.

या वाद्याची मूळ कल्पना ज्यांची ते रशियन शास्त्रज्ञ लेव्ह थेरेमिन चेलो शिकलेले होते. 1920 च्या सुमारास पेत्रोग्राडच्या प्रयोगशाळेत वायूंचे विद्युद्गुण मोजणारे उपकरण सिद्ध करीत असता, हात जवळ नेला की त्यातील ध्वनी चढतो आणि दूर नेला की उतरतो, हे त्यांना आढळले. दुसऱ्या कोणी ती यंत्राची खोड म्हणून दुरुस्त केली असती, पण चेलोवर तयार झालेल्या त्या कानाला तीत सप्तक ऐकू आले. 1929 मध्ये अमेरिकेतील आरसीए कंपनीने हे वाद्य बाजारात आणले तेव्हा, ज्याला गुणगुणता येते त्याला हे वाजविता येईल, असाच डांगोरा पिटला होता. वाद्ये निघाली सुमारे 500, आणि घेणाऱ्यांपैकी बहुतेकांच्या हाती सूर लागला नाही. तो लागला क्लारा रॉकमोर यांना, कारण हाताच्या दुखण्यामुळे सोडावे लागलेल्या व्हायोलिनची सारी तपश्चर्या त्यांच्या पाठीशी होती, आणि त्या बळावर त्यांनी बोटांची स्वतंत्र पद्धत बसविली.

 

नवरात्रात ओसरीवर तू वाद्य मांडलेस त्या सायंकाळी मी षड्जावर हात स्थिर केला होता आणि नुसता खाकरलो, तेवढ्याने स्वर ढळला, हे तुला आठवत असेल. पेटीला पट्टी आहे, सतारीला पडदा आहे. येथे हाताला टेकायला काहीच नाही, सबब हे वाद्य गळ्याच्या सर्वांत जवळचे, आणि म्हणूनच सर्वांत अधिक रियाज मागणारे आहे. तू तारा उत्तम जोडतोस, पण तुझा गंधार अजून कच्चा आहे. पहाटे एक तास तंबोऱ्यावर बसत जा, मगच त्या यंत्राला हात लाव.

सुटीत येशील तेव्हा ते बरोबर आण. तंबोऱ्याला नव्या तारा चढविण्याची तजवीज मी करून ठेवतो.

तुझा,
मामा