अपघात इंदापुरात, दावा कुठे?



गाळपाचा हंगाम आला की धुळे-नंदुरबारकडचे अनेक भिल्ल, पावरा बांधव घर बंद करून पश्चिम महाराष्ट्राच्या वाटेला लागतात. बारामती आणि इंदापूर तालुकेही त्याच वाटेवर आहेत. माळेगाव, सोमेश्वरनगर, भवानीनगर ही साखर कारखान्यांची गावे. त्याशिवाय वीटभट्ट्या, बांधकामे आणि बारामतीची एमआयडीसी आहेच. काम करताना कुणाचा हात गेला किंवा जीव गेला, तर घरची माणसे मला पहिला प्रश्न हाच विचारतात : "दादा, केस कुठं टाकायची? तिकडं जायला गाडीभाडं नाही." या अंकात त्याचाच अभ्यास करू.

दिवाणी कोर्ट नव्हे, आयुक्त

१९२३ च्या कर्मचारी भरपाई कायद्यानुसार (२०१० पूर्वी यालाच कामगार भरपाई कायदा म्हणत) कामामुळे व काम चालू असताना झालेल्या अपघाताची भरपाई मालकाने द्यायची असते. इजा झालेला माणूस कामगार होता की नाही, मालक कोण, रक्कम किती, असा वाद झाला तर त्याचा निकाल भरपाई आयुक्त देतात. कलम १९ प्रमाणे अशा वादात दिवाणी न्यायालयाला अधिकार नाही. म्हणून दिवाणी दाव्यात वेळ घालवू नये.

तीन दारे

कोणत्या भागातल्या आयुक्तांकडे जायचे, हे कलम २१ सांगते. १९९५ च्या दुरुस्तीपासून अर्जदाराला तीन पर्याय आहेत : अपघात झाला तो भाग, अर्जदार नेहमी राहतो तो भाग आणि मालकाचे नोंदणीकृत कार्यालय असलेला भाग.

समजा, धडगाव तालुक्यातील तरुण इंदापूरजवळच्या वीटभट्टीवर दगावला. त्याची पत्नी गावी परतली, तर ती आपल्या गावच्या हद्दीतील आयुक्तांकडे अर्ज करू शकते. अपघात इंदापूरचा म्हणून तिला इंदापूरलाच जावे लागेल, असे नाही. अपघातस्थळाच्या आयुक्तांना आणि राज्य सरकारला नोटीस पाठवणे हे अर्ज घेणाऱ्या आयुक्तांचे काम आहे, विधवेचे नव्हे. स्थलांतरित मजुरांच्या सोयीसाठीच ही दुरुस्ती झाली, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये मोर्गिना बेगम प्रकरणात स्पष्ट केले आहे. मात्र 'नेहमी राहतो' हे दाखवावे लागते. रेशनकार्ड, मतदार ओळखपत्र, ग्रामपंचायतीचा दाखला जवळ ठेवावा.

दार चुकू नये म्हणून

कामगार राज्य विमा योजनेत (ईएसआय) असेल, तर भरपाई आयुक्तांकडे दावा चालत नाही. त्याचा लाभ विमा महामंडळाकडून मिळतो आणि वाद कर्मचारी विमा न्यायालयात जातो. एमआयडीसीतील कामगाराबाबत हे आधी तपासावे.

कामावर असताना ट्रॅक्टर किंवा ट्रकने अपघात झाला, तर मोटार अपघात न्यायाधिकरण किंवा भरपाई आयुक्त, यांपैकी एकच मार्ग निवडता येतो. दोन्हीकडे दावा करता येत नाही. न्यायाधिकरणाकडे जायचे तर सध्याची मुदत सहाच महिन्यांची आहे.

"माणूस मुकादमाचा, आमचा नाही"

हे उत्तर हमखास मिळते. पण आपल्या नेहमीच्या धंद्यातले काम ठेकेदारामार्फत करून घेतले, तर कलम १२ प्रमाणे मूळ मालकही जबाबदार असतो. ती रक्कम तो नंतर ठेकेदाराकडून वसूल करू शकतो. अर्जात दोघांनाही सामनेवाले करावे.

अंगठा देण्यापूर्वी

मृत्यू झाल्यावर कुणी पन्नास हजार हातावर ठेवून कागदावर अंगठा घेतो. कुणी ते पैसे उचलीत वळते करतो. मृत्यूची भरपाई आयुक्तांकडेच जमा करावी लागते. परस्पर दिलेले पैसे भरपाई धरले जात नाहीत. हक्क सोडल्याचा करारही कलम १७ प्रमाणे रद्द ठरतो.

हिशेब पाहा. वय ३० वर्षे, महिना मजुरी १०,००० रुपये. मृत्यू झाल्यास मजुरीचा निम्मा भाग, म्हणजे ५,०००, गुणिले वयाचा गुणांक २०७.९८. भरपाई होते १०,३९,९०० रुपये. पन्नास हजार कुठे आणि हे कुठे!

मोशेच्या नियमशास्त्रात मजुराची मजुरी सूर्यास्तापूर्वी द्यावी असे आहे. आपला कायदा भरपाईसाठी एक महिना देतो. त्यानंतर वर्षाला १२ टक्के व्याज लागते आणि सबळ कारण नसताना उशीर केला तर ५० टक्क्यांपर्यंत दंडही होऊ शकतो.

नवी संहिता

२१ नोव्हेंबर २०२५ पासून हा कायदा सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० मध्ये सामावला आहे. तिथे आयुक्तांऐवजी 'सक्षम प्राधिकारी' असा शब्द आहे. तीन दारांचा नियम कायम आहे. म्हणून अर्जावर अपघाताची तारीख ठळक लिहावी. कोणता कायदा लागू होतो हे तीवरून ठरते.

कार्यकर्त्यांसाठी

दावा दोन वर्षांच्या आत करायचा असतो. पण पुरावा त्याआधीच हरवतो : कोप्या मोडतात, टोळी पांगते. म्हणून पहिल्याच आठवड्यात पोलीस पंचनामा, शवविच्छेदन अहवाल किंवा दवाखान्याचे कागद, उचलीची चिठ्ठी आणि सोबतच्या दोन मजुरांची नावे-गावे मिळवावीत. वकील परवडत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करावा. अनुसूचित जमातीच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

टोळी गावातून निघण्यापूर्वी रविवारच्या सभेत हा पाठ एकदा मोठ्याने वाचावा, ही विनंती.