नव्याण्णव हजार गावे

आयुष्याची चौतीस वर्षे मी मुलांना मराठी आणि इतिहास हे विषय शिकविले. शिकविताना ज्या स्थळांची नावे मी फळ्यावर शेकडो वेळा लिहिली, त्यांपैकी कितीतरी मी स्वतः कधी पाहिलेली नव्हती. ऐहोळे हे त्यांपैकीच एक. म्हणून निवृत्त झाल्यावर, विजापूर, बदामी, पट्टदकल, ऐहोळे आणि कूडलसंगम अशी तीन दिवसांची मोटारीची सहल सोलापुराहून निघणार आहे असे कळताच मी माझे नाव नोंदविले.

अशा सहलींत स्थळे पाहणे थोडे आणि पाहिल्याचे समाधान फार, असे माझे एक स्नेही म्हणतात. ते अगदीच खोटे नव्हे. परंतु एकट्या म्हाताऱ्याने परप्रांतात गाड्या बदलीत हिंडणे कठीण. तेथे ठरलेली गाडी, ठरलेला मुक्काम आणि भाषा जाणणारा मार्गदर्शक या गोष्टींचा आधार वाटतो. वेळ तेवढा आपल्या हाती राहत नाही.

पौषातील पहाटे पाच वाजता आम्ही तीस जण निघालो. भीमा नदी ओलांडली तेव्हा उजाडू लागले होते. महाराष्ट्राची हद्द मागे पडली. तथापि जमिनीला त्याचा पत्ता नव्हता. तीच काळी माती, तीच शाळवाची हिरवी ताटे, तोच हुरड्याचा वास. बदलल्या त्या फक्त दुकानांवरील पाट्या. त्यांवरील कानडी अक्षरे एक बारा वर्षांची मुलगी आपल्या आजीच्या शेजारी बसून मोठ्या कुतूहलाने पाहत होती. ती सातवीत शिकत होती, आणि हे काय, ते काय, असे विचारून तिने आजीला भंडावून सोडले होते.

विजापूर शहराचे अधिकृत नाव २०१४ पासून विजयपूर असे झाले आहे. मराठी माणसाच्या तोंडी मात्र अजून विजापूरच येते. गोलघुमट दुरून पाहताना त्याच्या थोरवीची कल्पना येत नाही. आत पाऊल टाकले म्हणजे मान आपोआप वर जाते. मुहम्मद आदिलशहाने आपल्या हयातीतच ही कबर बांधावयास घेतली. तो १६५६ मध्ये वारला. आतील चौरस दालनाची प्रत्येक बाजू सुमारे ४१ मीटर आहे, आणि एवढ्या विस्तीर्ण दालनात आधाराला एकही खांब नाही! मग हा प्रचंड घुमट उभा राहिला कशावर? चारी भिंतींतून निघालेल्या आठ कमानी वर एकमेकींना छेदतात आणि चौरसाचे अष्टकोनात रूपांतर करतात. त्या अष्टकोनावर घुमटाचे वर्तुळ बसते. घुमटाचा भार बाहेरच्या बाजूस रेटा देतो; आत झुकलेल्या कमानींचे वजन तो रेटा आवरून धरते. आमच्या मार्गदर्शकाने हे खालीच, हाताची बोटे एकमेकांत गुंतवून इतके सुरेख समजावून सांगितले की, मला त्या गृहस्थाविषयी तत्काळ आदर वाटू लागला.

कोपऱ्यातील मनोऱ्याचा जिना चढून आम्ही घुमटाच्या आतील सज्जात गेलो. येथे एका टोकाला केलेली कुजबुज समोरच्या टोकाला ऐकू येते, कारण ध्वनी गोल भिंतीच्या कडेकडेने धावत जातो. पण कुजबुज ऐकू येण्यास शांतता हवी! कोणत्याशा शाळेची सहल आली होती आणि मुले जिवाच्या आकांताने ओरडत होती. एकेका आरोळीच्या सात-सात, आठ-आठ आरोळ्या होत होत्या. माझ्या तोंडून "गप्प!" हा शब्द निघणारच होता, परंतु निवृत्त माणसाला तो अधिकार नाही हे वेळीच ध्यानी आले. ती मुले खाली उतरल्यावर मार्गदर्शकाने समोरच्या बाजूस जाऊन एक कागद हळूच फाडला. तो टरकन फाटल्याचा आवाज आमच्या कानांशी आला!

दुपारी मुलुखमैदान तोफ पाहिली. मोठ्या आवाजात भाषण ठोकणाऱ्याला आपण मुलुखमैदान तोफ म्हणतो, ती हीच. ती १५४९ मध्ये अहमदनगरास, म्हणजे आजच्या अहिल्यानगरास, निजामशाहीसाठी ओतली गेली आणि पुढे विजापूरकरांच्या हाती आली. तिच्या तोंडाशी जबडा पसरलेला सिंह कोरलेला असून त्याच्या दाढांत हत्ती चिरडला जात आहे. इब्राहिम रोजा, बारा कमान वगैरे इमारती आम्ही घाईघाईनेच पाहिल्या. त्यांविषयी लिहिण्याजोगे माझ्यापाशी फारसे नाही.

दुसरा दिवस बदामीचा. तांबड्या वालुकाश्माचे दोन डोंगर, त्यांच्या मध्ये अगस्त्य तलाव, आणि दक्षिणेकडील डोंगराच्या कड्यात कोरलेली चार लेणी. हीच चालुक्यांची राजधानी वातापी. पहिल्या लेण्यात अठरा हातांचा नटराज आहे. तिसऱ्या लेण्यात शके ५००, म्हणजे इसवी सन ५७८ चा लेख असल्याने त्याचा काळ निश्चित सांगता येतो. येथील माकडे मात्र अनावर! आमच्यातील एका गृहस्थांच्या हातची केळ्यांची पिशवी एका माकडाने अशा सफाईने लांबविली की, ते गृहस्थ पुढे अर्धा तास रिकामी मूठ तशीच आवळून चालत होते.

त्या रात्री मला झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी ऐहोळे येणार होते.

ऐहोळ्याचे एवढे काय, असे तुम्हांला वाटेल. तेथील मेगुती नावाच्या जैन मंदिराच्या भिंतीवर शके ५५६, म्हणजे इसवी सन ६३४-३५ चा एक संस्कृत शिलालेख आहे. तो रविकीर्ती नावाच्या कवीने रचिला. त्यात चालुक्य राजा दुसरा पुलकेशी याच्या पराक्रमाचे वर्णन आहे. उत्तरेचा बलाढ्य सम्राट हर्ष याला पुलकेशीने नमविले, हे सांगताना कवीने हर्षाच्या नावावरच श्लेष केला आहे. रविकीर्तीने स्वतःची तुलना कालिदास आणि भारवी यांच्याशी केली आहे. यास गर्व म्हणावे तर म्हणावे. परंतु त्याच्या या गर्वामुळेच कालिदास त्या काळापूर्वी होऊन गेला होता, याचा बळकट पुरावा आपणांस लाभला. आणि याच लेखात असे म्हटले आहे की, पुलकेशी हा नव्याण्णव हजार गावांच्या तीन महाराष्ट्रांचा स्वामी झाला. आपल्या प्रदेशाचे नाव इतक्या जुन्या काळी दगडावर कोरलेले आहे, हे दरवर्षी वर्गात सांगताना माझा आवाज चढत असे. परीक्षेत 'तीन महाराष्ट्रांत किती गावे होती?' हा प्रश्न मी हटकून घाली, आणि जो नव्वद हजार लिही त्याचा एक गुण निर्दयपणे कापी.

तिसऱ्या दिवशी सकाळी प्रथम पट्टदकल पाहिले. तेथे उत्तरेकडील आणि दक्षिणेकडील अशा दोन्ही पद्धतींची शिखरे एकाच आवारात शेजारी शेजारी उभी आहेत. येथील विरूपाक्ष मंदिर लोकमहादेवी या राणीने आपल्या पतीच्या कांचीवरील विजयाच्या स्मरणार्थ बांधविले. वेरूळचे कैलास लेणे कोरणाऱ्यांपुढे याच मंदिराचा आदर्श असावा, असे अभ्यासक मानतात. मला ते सावकाश पाहावयाचे होते. पण खरे सांगतो, माझे अर्धे चित्त पुढे धावत होते.

ऐहोळ्यास उतरताच मार्गदर्शकाने सांगितले, "येथे आपणांस एक तास आहे. दुर्ग मंदिर, लाडखान मंदिर आणि संग्रहालय पाहून सर्वांनी गाडीपाशी यावे."

"आणि मेगुती?" मी विचारले.

"ते टेकडीवर आहे, गुरुजी. कार्यक्रमात नाही. जाऊन येण्यातच तास जाईल."

मी क्षणभर विचार केला. दुर्ग मंदिर हे ऐहोळ्याचे भूषण आहे. हे देवी दुर्गेचे मंदिर नव्हे. जवळच्या दुर्गामुळे, म्हणजे तटबंदीमुळे, त्याला हे नाव पडले. त्याची मागील बाजू चैत्यगृहासारखी अर्धवर्तुळाकार आहे. हे सारे मी शिकविले होते. ते मंदिर दोनशे पावलांवर होते आणि टेकडी उन्हात तापत होती. दोन्ही पाहणे शक्य नव्हते. मी टेकडीची वाट धरली.

मागून पावले वाजली. "आजोबा, मी येऊ का? आजी म्हणाली, जा."

ती मुलगी भराभर पायऱ्या चढत होती आणि मी दर वळणावर दम खात होतो. वर सपाट माथा लागला. वारा भणाणत होता. मंदिर साधे, काहीसे अपुरे राहिलेले. आणि त्याच्या पूर्वेकडील भिंतीवर तो लेख! एकोणीस ओळी. अक्षरे लहान, गोलसर आणि बांधेसूद. चौदाशे वर्षांच्या उन्हापावसाने काही झिजली आहेत. भाषा संस्कृत, पण लिपी जुनी कानडी. त्यामुळे मला त्यातले एक अक्षरही वाचता आले नाही. माझ्या वहीत नागरीत उतरून घेतलेला पाठ होता. तो उघडून मी मोठ्याने वाचू लागलो. वाचता वाचता माझा कंठ दाटून आला, हे लपविण्यात अर्थ नाही.

मुलीने वडिलांच्या मोबाईलवर लेखाचे छायाचित्र घेतले आणि विचारले, "यात काय लिहिले आहे?" मी नव्याण्णव हजार गावांची गोष्ट सांगितली.

"मग यात आपले गाव कुठे आहे?"

"गावांची नावे नाहीत, बाळ. आकडा तेवढा आहे."

"मग ती मोजली कुणी?"

मी भिंतीकडे पाहत राहिलो. चौतीस वर्षांत हा प्रश्न एकाही विद्यार्थ्याने मला विचारला नव्हता, आणि मीही स्वतःला विचारला नव्हता. जुन्या लेखांत प्रदेशांच्या नावांशी असे मोठमोठे आकडे जोडण्याची रूढी होती. ती गावांची प्रत्यक्ष मोजदाद नव्हे, असे बरेच अभ्यासक मानतात. हे मी पूर्वी वाचले होते. तरीही परीक्षेत मी आकडाच विचारीत आलो. ज्यांचे गुण मी कापले, त्यांच्यापैकी काही चेहरे त्या उन्हात माझ्यापुढे उभे राहिले.

"नक्की कुणी मोजली नसावीत," मी म्हणालो. "राजा फार मोठा होता, हे सांगण्याची ती एक रीत असावी."

"म्हणजे थाप?" तिने विचारले. मग थोडे थांबून म्हणाली, "पण महाराष्ट्र हे नाव तर खरे आहे ना?"

"ते खरे आहे," मी म्हणालो.

खाली पोहोचलो तेव्हा पाऊण तास उशीर झाला होता. सारी मंडळी गाडीत बसून होती. कोणी घड्याळाकडे पाहत होते, कोणी उघडपणे पुटपुटत होते. पण खरी शरमेची गोष्ट पुढेच होती. मुलीच्या आजींना मधुमेह होता आणि त्यांची जेवणाची वेळ टळून गेली होती. मार्गदर्शकाने त्यांना कोठून तरी बिस्किटे आणून दिली होती. त्यांचा चेहरा उतरला होता. माझ्या एका हट्टापायी एका आजारी बाईला उपाशी बसावे लागले. मी सर्वांची क्षमा मागितली.

"क्षमा राहू द्या," आजी म्हणाल्या. "वर काय होते ते सांगा. आम्हांला काही चढवणार नव्हते."

तेव्हा चालत्या गाडीत, दांड्याला धरून, मी तीस जणांना रविकीर्ती सांगितला. काही जणांनी ऐकले, काही जण झोपी गेले. छायाचित्र हातोहात फिरले. मार्गदर्शकाची मातृभाषा कानडी. त्याने चित्र मोठे करून डोळ्यांजवळ धरले आणि बराच वेळ खटपट करून परत दिले. "आमचीच लिपी, आणि मला येत नाही!" तो म्हणाला. त्याने माझ्या वहीतील पाठ उतरून घेतला.

कूडलसंगमावर कृष्णा आणि मलप्रभा यांचे पाणी संथ पसरले होते. तेथे महात्मा बसवेश्वरांच्या समाधिस्थानाचे दर्शन घेतले, आजींनी पोटभर भाकरी खाल्ली, आणि मगच माझ्या घशाखाली घास उतरला. दुर्ग मंदिर मी आजवर पाहिलेले नाही.

परतीच्या वाटेवर विजापूर सोडले तेव्हा अंधार झाला होता. ती मुलगी खिडकीशी बसून दूरवरचे दिवे पाहत होती. दिव्यांचा एक पुंजका दिसला की एक गाव, असा तिने हिशेब धरला होता. "नऊ... दहा..." भीमेच्या पुलावर गाडी चढली तेव्हा मोजणी एकोणिसावर आली होती. विसावे गाव आले तेव्हा ती आजीच्या मांडीवर डोके ठेवून झोपली होती.