कातळावर वाट कशी दिसते?

प्रश्न : गेली वीस वर्षं मी सह्याद्रीत भटकतो आहे. धुक्यात वाट चुकली तर एखादा गुराखी भेटतो, नाहीतर मळलेली पायवाट कुठल्यातरी वाडीवर आणून सोडते. माझी मुलगी यंदा जॉर्डनमधल्या वादी रम इथे तीन दिवस पायी भटकायला निघाली आहे. तिथले फोटो पाहिले. लाल वाळू, सरळसोट कडे, ना झाड ना पायवाट. सोबत एक स्थानिक बेदुइन वाटाड्या असणार आहे. जिथे वारा पावलांचे ठसेसुद्धा ठेवत नाही, तिथे हा माणूस कशाच्या आधारावर वाट शोधतो? आणि मोबाइलमध्ये नकाशा असताना त्याची खरोखर गरज उरते का? (एक वाचक, जुन्नर)

उत्तर : तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. गरज उरते, आणि ती केवळ वाट चुकू नये म्हणून नाही. पहिल्या प्रश्नाचं उत्तर मात्र जरा सविस्तर द्यायला हवं. बेदुइन वाटाड्या वाळूवर वाट शोधतच नाही. पाणी कुठे झिरपतं, सावली केव्हा कुठे पडते आणि कातळ कुठे पाऊल पेलतो, या तीन गोष्टी त्याला ठाऊक असतात. त्या जोडल्या की वाट तयार होते.

वादी रम हा जॉर्डनच्या दक्षिण टोकाचा, अकाबा बंदरापासून तासाभराच्या अंतरावरचा मुलूख. सुमारे ७४० चौरस किलोमीटरचं हे संरक्षित क्षेत्र २०११ मध्ये जागतिक वारसा यादीत आलं. निसर्ग आणि संस्कृती अशा दोन्ही कारणांसाठी ज्यांची निवड झाली, अशा मोजक्या ठिकाणांपैकी ते एक. इथलं वाळवंट सपाट नाही. वाळूने भरलेल्या रुंद दऱ्या आणि त्यांच्या दोन्ही अंगांना उभे राहिलेले वालुकाश्माचे डोंगर, असं त्याचं रूप आहे. जेबेल रम १७०० मीटरच्या वर जातो. सौदी अरेबियाच्या सीमेजवळचा जेबेल उम्म अद-दामी १८५४ मीटरचा, म्हणजे जॉर्डनमधला सर्वांत उंच. आपलं कळसूबाई १६४६ मीटर, यावरून उंचीचा अंदाज यावा. दऱ्यांचा तळच मुळात नऊशे-हजार मीटरवर असल्यामुळे प्रत्यक्ष चढ मात्र आकड्यावरून वाटतो त्यापेक्षा कमी असतो.

आता पाणी. इथे वर्षभरात शंभर मिलिमीटरही पाऊस पडत नाही, तरी डोंगराच्या अंगावर झरे आहेत. याचं कारण खडकांच्या थरांत आहे. तळाशी फार जुना ग्रॅनाइट आहे आणि त्याच्यावर सुमारे पन्नास कोटी वर्षांपूर्वी साठलेल्या वाळूचा दगड. वालुकाश्म सच्छिद्र असतो. पावसाचं थोडंफार पाणी त्यात मुरतं, वर्षानुवर्षं खाली झिरपत राहतं आणि ग्रॅनाइटला टेकलं की थांबतं. ग्रॅनाइट पाणी आत घेत नाही. मग ते आडवं सरकतं आणि दोन खडकांच्या सांध्यावर बाहेर पडतं. तुम्ही जुन्नरचे, तेव्हा ही गोष्ट तुम्हाला ओळखीची वाटेल. आपल्याकडेही बेसॉल्टच्या भेगाळ थरातून उतरलेलं पाणी खालच्या घट्ट थराला किंवा तांबड्या मातकट पट्ट्याला अडतं आणि कड्याच्या मध्यावर झरा फुटतो. खडक वेगळे, तत्त्व एकच.

रम गावाच्या मागे ऐन शल्लालेह नावाचा असा एक झरा आहे. गावातून वर बघितलं तर भाजलेल्या कड्यावर हिरवा ठिपका दिसतो. दगडधोंड्यांतून चढून तिथे पोचलं की हवाच बदलते. कपारीत नेचे लोंबत असतात, रानपुदिन्याचा वास येतो आणि ओल्या कातळावरून बोटभर धार उतरत असते. खडकात कोरलेला पाट तिथे आजही दिसतो. पेट्रा वसवणाऱ्या नबातियन लोकांनी तो खोदला होता, आणि पाणी डोंगराच्या पायथ्याशी, त्यांनी अल्लात देवीसाठी बांधलेल्या मंदिराकडे नेलं होतं. मंदिराचे अवशेष गावालगतच आहेत. दोन हजार वर्षांपूर्वी माणसं कुठून कुठे चालत असतील, हे त्या पाटाच्या रेघेवरून कळतं. वाटाड्याला असे सगळे सांधे तोंडपाठ असतात. कुठला झरा उन्हाळ्यातही टिकतो, कुठल्या खळग्यात पावसानंतर महिनाभर पाणी राहतं, हे तो आपल्या वाडवडिलांकडून शिकलेला असतो.

डोंगरावर चढणाऱ्या वाटा शिकाऱ्यांनी शोधलेल्या आहेत. इथल्या कड्यांवर आयबेक्स, म्हणजे लांब शिंगांचा रानबोकड, फिरायचा. त्याच्या मागावर बेदुइन शिकारी वर जायचे. बोकड जिथून गेला तिथून माणूसही जाऊ शकतो, आणि जिथे नाही जमलं तिथे त्यांनी दगड रचून पायरी केली. त्यातल्या काही वाटा शिकाऱ्यांच्या आधीच्या असणार, कारण कड्याच्या अर्ध्यावर थामुदी या प्राचीन लिपीतले लेख कोरलेले सापडतात. जेबेल रमवरच्या एका वाटेला गिर्यारोहक थामुदी वाट असंच म्हणतात. १९४९ मध्ये शार्मियन लाँगस्टाफ आणि सिल्व्हिया ब्रॅनफर्ड या दोन स्त्रिया जेबेल रमच्या माथ्यावर गेल्या, तेव्हा पुढे होते रमचे शेख हमदान. १९८४ मध्ये टोनी हॉवर्ड, डाय टेलर आणि त्यांचे सहकारी इथे आले आणि त्यांनी चढाईच्या वाटांची नोंद करून पुस्तक लिहिलं. त्या नोंदींमागे बेदुइन जाणकारांनी दाखवलेल्या कितीतरी वाटा आहेत.

कातळ ओळखणं म्हणजे काय, ते मला बुर्दाच्या डोंगरावर समजलं. तिथे सुमारे ३५ मीटर उंचीची नैसर्गिक दगडी कमान आहे आणि तिथवर जायला दोन-तीन तास लागतात. चढ फार अवघड नाही, पण मधे एक उघडा कातळटप्पा आहे. आमच्या वाटाड्याने तिथे चपला काढून कमरेला खोचल्या. हाताशी एक छान, पकडायला सोयीचा दगडी कंगोरा होता. मी त्याला हात घालणार, तेवढ्यात त्याने बोटांच्या पेरांनी त्यावर टकटक केली. पोकळ आवाज आला. मग शेजारच्या एका गुळगुळीत, बिनकंगोऱ्याच्या जागी त्याने माझा तळवा पूर्ण टेकवला आणि म्हणाला, ‘श्वय श्वय.’ हळूहळू. आपले वाटाडे ‘दमानं घ्या’ म्हणतात ना, तसंच.

त्या टकटकीमागे मोठं कारण आहे. वालुकाश्माच्या पृष्ठभागावर क्षार आणि लोहाचा कडक पापुद्रा धरतो, पण त्याखालचा दगड भुसभुशीत झालेला असतो. डोंगरांच्या अंगावर मधमाश्यांच्या पोळ्यासारखी भोकं दिसतात ती त्यामुळेच. पापुद्रा फुटला की आतली वाळू वाऱ्याने झडत जाते. सह्याद्रीतल्या बेसॉल्टवर ज्याचा हात बसला आहे, तो माणूस इथे बाहेर आलेल्या कंगोऱ्यावर विश्वास ठेवतो आणि फसतो. शिवाय भिजलेला वालुकाश्म बराच कमकुवत होतो, हे लक्षात ठेवायला हवं. म्हणून पाऊस पडून गेला की कातळ वरून कोरडा दिसला, तरी जाणते वाटाडे एक-दोन दिवस चढाई टाळतात. तुमच्या मुलीला वाटाड्याने ‘आज नाही’ म्हटलं, तर तिने हट्ट धरू नये.

सावलीचं गणित तर फारच सोपं आणि सुंदर आहे. इथल्या मोठ्या दऱ्या साधारण उत्तर-दक्षिण पसरलेल्या आहेत. त्यामुळे सकाळी डोंगराच्या पश्चिम अंगाने चालायचं, दुपारी कपारीत थांबायचं आणि उन्हं कलली की पूर्व अंगाने निघायचं. नकाशावर सरळ रेघ ओढली तर हे अंतर कमी भरेल, पण ती रेघ उन्हातून जाते. वाळूतही तसंच. वाऱ्याच्या बाजूचा उतार दाबून घट्ट झालेला असतो, आडोशाचा उतार पायाखाली घसरतो. वाटाड्या वळसा घेऊन घट्ट बाजूने चढतो. आपल्याला वाटतं, हा उगाच लांबून नेतो आहे. तासाभराने पोटऱ्या सांगतात की तो बरोबर होता.

आता मोबाइलबद्दल. उघड्या दरीत जीपीएस चांगलं चालतं. अरुंद घळीत शिरलं की उंच भिंती उपग्रहाचे संकेत अडवतात, काही भिंतींवर आपटून उशिरा येतात, आणि तुमचा ठिपका कितीतरी मीटर सरकून भलत्याच कड्यावर दिसू लागतो. त्याहून मोठी अडचण अशी, की नकाशा जागा दाखवतो, त्या दिवसाची परिस्थिती दाखवत नाही. वाळवंटातली जमीन पाणी पटकन शोषून घेत नाही. दूर कुठेतरी पडलेला पाऊस निळ्या आभाळाखालच्या घळीत लोंढा होऊन येऊ शकतो. १९६३ च्या एप्रिलमध्ये पेट्राच्या सीक या चिंचोळ्या घळीत असा लोंढा शिरला आणि वीसहून अधिक फ्रेंच पर्यटक दगावले. घळीत शिरण्यापूर्वी वाटाड्या क्षितिजाकडे बघत उभा राहतो, त्याला कुणी उशीर समजू नये.

याच घळींत आणि कपारींत इथला दुसरा खजिना आहे. वादी रममध्ये सुमारे २५,००० शिल्परेखा आणि २०,००० कोरीव लेख नोंदलेले आहेत, आणि माणसाच्या वावराचे पुरावे १२,००० वर्षं मागे जातात. खडकावर काळपट लेप चढतो, त्यावर टोचा मारला की आतला फिकट दगड उघडा पडतो. उंट, आयबेक्स, धनुर्धारी माणसं अशीच उमटली आहेत. जुन्या चित्रांवर लेप पुन्हा चढू लागतो, म्हणून जितकं चित्र काळं, तितकं ते जुनं, असा ढोबळ अंदाज बांधता येतो. लेख म्हणाल तर बहुतेक छोटे, अमक्याचा मुलगा अमका इथे आला होता, अशा धर्तीचे. जनावरं चारताना, पाण्याशी थांबताना लोकांनी आपली नावं ठेवली. कोकणातल्या सड्यांवरची कातळशिल्पं ज्यांनी जपायला घेतली आहेत, त्यांना इथली काळजी वेगळी सांगावी लागणार नाही. चित्राला हात लावायचा नाही, खडूने रेघ गिरवायची नाही आणि शेजारी आपलं नाव तर मुळीच कोरायचं नाही.

आता मला जे खास सांगायचं आहे ते. वादी रमला येणारे बहुतेक लोक जीपमधून चार ठिकाणं बघून परततात. रम गावातली झलाबिया आणि दीसी भागातली झुवैदा या टोळ्यांची कुटुंबं आज मुख्यतः या पर्यटनावर जगतात, आणि त्यात वावगं काही नाही. पण जीप चालवायला झऱ्याचा सांधा ठाऊक असावा लागत नाही. शिकार थांबली, कळप कमी झाले. दीसीच्या भूगर्भातलं हजारो वर्षांपूर्वीचं पाणी २०१३ पासून ३२५ किलोमीटर नळाने अम्मानला जातं, आणि गावातही तोटी उघडली की पाणी येतं. झरे शोधायची पोटाची गरज संपली. पेट्रा आणि वादी रमच्या बेदुइन लोकांचं हे मौखिक ज्ञान २००५ मध्ये युनेस्कोने मानवजातीचा वारसा म्हणून जाहीर केलं, पण जाहीर केल्याने ज्ञान टिकत नाही. ते वापरल्याने टिकतं. पायी चालणारा माणूस आला, तरच बापाला मुलाला घेऊन त्या वाटेने पुन्हा जावं लागतं. तुमची मुलगी वाटाड्याला जे पैसे देईल, ते त्या शिकवणीचेही पैसे आहेत. म्हणून घासाघीस करू नये. जीपऐवजी चालण्याचे दिवस मागावेत, आणि जमल्यास गावातलाच माणूस धरावा.

थोडं व्यवहाराचं. मार्च-एप्रिल आणि ऑक्टोबर-नोव्हेंबर हे महिने उत्तम. हिवाळ्यात रात्री पारा शून्याजवळ उतरतो, तेव्हा जाड कपडे हवेतच. चालण्याच्या दिवशी माणशी चार-पाच लिटर पाणी धरावं. बूट घोट्याच्या वर येणारे आणि तळ पकड घेणारे असावेत. अंगभर सुती कपडे उन्हालाही बरे आणि गावाच्या रीतीलाही. कॉफी पुढे आली तर घ्यावी, आणि पुरे झाली की पेला हलकेच हलवून परत द्यावा. न हलवता दिला तर तो पुन्हा भरून येतो.

आणि तुमच्यासाठी एक विनंती. तुम्ही वीस वर्षं सह्याद्रीत फिरता आहात. ज्या ठाकर, महादेव कोळी गुराख्यांनी तुम्हाला वाटा दाखवल्या, त्यांच्याकडून त्या नाळांची आणि पाण्यांची नावं लिहून घ्या. त्यांची मुलंही आता शहरांकडे निघाली आहेत.

मुलीला एवढंच सांगा : वाटाड्या जिथे पाय ठेवील, तिथेच तिने पाय ठेवावा. आणि रात्री शेकोटीपाशी चहा घेताना त्याला विचारावं, ही वाट तुला कुणी दाखवली? त्या उत्तरात तिला तुमच्या प्रश्नाचंही उत्तर मिळेल.