भातुकली विस्कटू नका

जुनी खेळणी जमवताना होणारी सर्वांत मोठी चूक म्हणजे सुट्या वस्तूला भुलणं. ही चूक मला फार उशिरा उमगली, म्हणून भातुकलीपुरतं तरी ते स्पष्ट सांगतो. जुन्या बाजारात पितळी बंब एकीकडे आणि जातं दुसरीकडे मिळतं, कारण सुट्या नगांना गिऱ्हाईक लवकर मिळतं. पण भातुकली म्हणजे सुटे नग नव्हेत, ते एक अख्खं घर असतं. जातं, चूल, तवा, पोळपाट-लाटणं, पाटा-वरवंटा, सोऱ्या, घंगाळ आणि बंब शेजारी शेजारी मांडले, की पीठ कुठे दळलं जाई, पाणी कशावर तापे हे दिसू लागतं. चुलीच्या जोडीला शेगडी आणि पुढे स्टोव्ह आला, की घरातलं जळण बदलल्याचं कळतं. बखरींत लढाया सापडतात, दफ्तरांत सारा सापडतो. बायकांच्या रोजच्या कामाची इतकी बारीक नोंद तिथे क्वचितच मिळते. पुण्यात दिनकर केळकरांनी दिवे, अडकित्ते, दौती अशा रोजच्या वापरातल्या वस्तू एकत्र आणल्या, म्हणून त्यांना इतिहासाचं मोल आलं. भातुकलीचंही तसंच आहे.

यावर आक्षेप येतो, की ज्या खेळाने मुलींना चुलीशी बांधलं त्याचं कौतुक कशाला? आक्षेप खरा आहे. पण जपणं म्हणजे गोडवे गाणं नव्हे. मुलीच्या हातात लहानपणीच लाटणं कसं दिलं जाई, याचा पुरावाच आपण विकून टाकला, तर उद्या तो अन्याय कोणत्या आधारावर दाखवणार?

दुसरी चूक घासण्याची. चिंच किंवा पावडर लावून पितळ लखलखतं, पण आम्लाने वरचा जुना थर जातो आणि त्याबरोबर वापराच्या खुणाही जातात. आतली कल्हई, झिजलेली कड, काळवंडलेला तळ हीच त्या वस्तूची ओळख असते. मग कळकट ठेवायची का? नाही. धूळ मऊ कुंचल्याने झाडावी, भांडं कोरडं ठेवावं. हिरवी भुकटी वाढत असेल तर जाणकाराला दाखवावं. या खुणा खरेदीतही उपयोगी पडतात. खरी झीज हात लागतो तिथे जास्त असते; नव्या वस्तूला मुद्दाम आणलेला काळपटपणा बहुधा सगळीकडे सारखा दिसतो. जुन्या रंगवलेल्या खेळण्यांच्या रंगात शिसं असू शकतं, म्हणून ती लहान मुलांना खेळायला देऊ नयेत. आणि परदेशी असलेल्या लेकीसुनांकडे आजीची भातुकली पाठवण्याआधी तिचं वय तपासावं. 1972 च्या पुरावस्तू कायद्यानुसार शंभर वर्षांहून जुनी कलाकुसरीची किंवा चालीरीती दाखवणारी वस्तूही पुरावस्तू ठरू शकते, आणि पुरावस्तू खासगी व्यक्तीला देशाबाहेर नेता येत नाही.

भांडी कपाटात टिकतील. त्यांची नावं आणि त्यांचा वापर मात्र माणसांबरोबर जातो. म्हणून आणखी एक नग विकत घेण्याआधी घरातल्या सर्वांत वडीलधाऱ्या बाईसमोर आपली भातुकली मांडा. कुठल्या भांड्याला काय म्हणत, ते कुणी घडवलं, कोण त्याने खेळलं, हे त्यांना विचारा आणि त्याच दिवशी लिहून ठेवा.