घोरपड : ओळख आणि अधिवास

पावसाळ्याच्या प्रारंभी गोमंतकातील एखाद्या शेतबांधावर, कुळागराच्या कडेला किंवा घराच्या परसात घोरपड दिसली की वाड्यावर एकच गलबला उडतो. कोणी तिला विषारी ठरवितो, कोणी काठी शोधू लागतो. वस्तुतः हा प्राणी शेतकऱ्याचा साहाय्यक आहे. त्याची लक्षणे व राहणी ग्रामस्थांना आणि विद्यार्थ्यांना ठाऊक असणे म्हणूनच अगत्याचे आहे.

ओळख

भारतात घोरपडीच्या चार जाती आढळतात. वाळवंटी घोरपड वायव्येकडील रुक्ष प्रदेशात, पिवळी घोरपड उत्तरेच्या मैदानी भागात, तर पाणघोरपड ईशान्य भारत, ओडिशातील खारफुटी व अंदमान-निकोबार बेटे येथे राहते. गोवा, महाराष्ट्र आणि कर्नाटकात दिसणारी ती सामान्य घोरपड होय. तिचे शास्त्रीय नाव व्हॅरानस बेंगालेन्सिस असे असून कोकणीत तिला 'गार' म्हणतात.

पूर्ण वाढ झालेल्या घोरपडीची लांबी शेपटीसह सुमारे पावणेदोन मीटरपर्यंत भरते आणि त्यातील अर्ध्याहून अधिक भाग शेपटीचा असतो. रंग करडा वा तपकिरी, त्यावर काळसर ठिपके. मान लांब, नखे बळकट, नाकपुड्या तिरप्या फटीसारख्या. सापासारखी दुभंगलेली जीभ ही तिची खरी खूण. या जिभेने ती गंधकण टिपते व भक्ष्याचा माग काढते. पाल, सरडा व सापसुरळी यांना अशी लांब दुभंगलेली जीभ नसते. सापसुरळीचे अंग गुळगुळीत व चकचकीत, तर घोरपडीचे खरखरीत असते.

पिल्लांच्या अंगावर ठळक ठिपके व पट्टे असतात. त्यामुळेच काही प्रांतांत त्यांना 'बिसकोबरा' नावाचा महाविषारी प्राणी समजून ठार मारले जाते. हा समज निराधार आहे. घोरपडीस सापासारखे विषदंत नाहीत. कोंडीत सापडल्यास ती अंग फुगविते, फुत्कार टाकते, शेपटीचा फटकारा मारते व क्वचित चावते. वाट मोकळी मिळाली की निघून जाते.

अधिवास

घोरपड दिवसा हिंडते आणि रात्री बिळात, खडकाच्या कपारीत किंवा झाडाच्या ढोलीत विसावते. ती झाडावर चढते, तशीच पाण्यातही पोहते. डोंगरउतार, काजूच्या बागा, देवराया, शेताचे बांध ही सारी तिची घरे. मादी जमिनीतील बिळात किंवा वारुळात सुमारे वीस अंडी घालते व ती उबण्यास कित्येक महिने लागतात. म्हणून बांधावरील वारूळ फोडणे अथवा डोंगराला आग लावणे म्हणजे तिची पुढील पिढीच नष्ट करणे होय.

भुंगे, अळ्या, विंचू, खेकडे, उंदीर, पक्ष्यांची अंडी आणि मेलेली जनावरे हे तिचे खाद्य. कधी ती कोंबडीची अंडीही पळविते. परंतु शेतातील कीटक व उंदीर खाऊन ती या नुकसानीची भरपाई करते. खुराडे रात्रंदिवस बंदिस्त ठेवणे हा त्यावरील सोपा उपाय आहे.

संकट व संरक्षण

मांसासाठी, तेलासाठी आणि कातड्यासाठी घोरपडीची हत्या होत आली आहे. 'हत्ताजोडी' या नावाने भाग्यवर्धक मुळी म्हणून जी वस्तू विकली जाते, ती पुष्कळदा घोरपडीच्या नराचे वाळविलेले जननेंद्रिय असते.

गोव्याचे घुमट हे वाद्यही पूर्वी घोरपडीच्या कातड्याने मढविले जाई. त्या नादाची सर बकऱ्याच्या कातड्याला नाही, अशी काही वादकांची खंत असे. ती समजण्याजोगी आहे. तथापि एका नादासाठी जीव संपविणे योग्य नव्हे. आज बकऱ्याच्या कातड्याचे घुमट आरतीत दुमदुमत आहे आणि २०१९ मध्ये शासनाने त्यास राज्याचे वारसा वाद्य म्हणून मान्यता दिली आहे. कला व प्राणी दोन्ही टिकू शकतात, याचे हे प्रत्यक्ष उदाहरण होय.

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीत घोरपडीचा समावेश आहे. तिची शिकार केल्यास तीन ते सात वर्षांच्या कारावासाची व दंडाची तरतूद आहे. हे संरक्षण केवळ अभयारण्यापुरते नसून आपल्या परसातही लागू आहे.

घोरपड घरात शिरल्यास मुलांना व कुत्र्यांना दूर ठेवावे, दार उघडे ठेवावे आणि आवश्यक तर नजीकच्या वन कार्यालयास कळवावे. शिक्षकांनी विद्यार्थ्यांना ही लक्षणे समजावून द्यावीत. ज्या गावची मुले घोरपड ओळखतात, त्या गावात तिच्यासाठी काठी उचलली जाणार नाही.