धावताना लागणारी धाप आणि दम्याचा पंप

झाशी म्हटले की मराठी मनासमोर प्रथम उभी राहते ती राणी लक्ष्मीबाई. १८५७-५८च्या धामधुमीत झाशीत वास्तव्य केलेल्या वरसईच्या विष्णुभट गोडसे यांनी 'माझा प्रवास' या ग्रंथात राणीच्या व्यायामाच्या व अश्वारोहणाच्या आवडीची नोंद केली आहे. पुढे १९२८, १९३२ आणि १९३६ या तीन ऑलिंपिकमध्ये सुवर्णपदक मिळवणाऱ्या भारतीय हॉकी संघांचे आधारस्तंभ मेजर ध्यानचंद हेही झाशीचेच. अशा शहरात एखाद्या मुलाला किंवा मुलीला केवळ धाप लागते म्हणून मैदानाबाहेर बसवले जावे, ही खेदाची गोष्ट होय. योग्य निदान आणि योग्य औषध मिळाल्यास बहुतेक वेळा ती टाळता येते.

व्यायामाने दमा का उसळतो?

शांत बसलेला मनुष्य नाकाने श्वास घेतो. नाकात हवा गाळली जाते, ऊबदार व दमट होते आणि मग फुप्फुसांत जाते. धावताना मात्र मनुष्य तोंडाने आणि कितीतरी अधिक हवा आत घेतो. ही थंड, कोरडी हवा श्वासनलिकांचे अस्तर सुकवते. त्यामुळे तेथील पेशींतून हिस्टामिन, ल्युकोट्राइन यांसारखी द्रव्ये स्रवतात आणि नलिकांभोवतीचे स्नायू आवळले जातात. परिणामी खोकला, छातीत घरघर व घट्टपणा जाणवतो.

झाशीचे हवामान या विकारास पोषकच ठरते. जानेवारीतील पहाटेची थंडी, मे-जूनमधील कोरडी लू आणि शहराच्या परिसरातील दगडखाणी व खडी क्रशर यांची धूळ यांमुळे संवेदनशील श्वासनलिकांना त्रास होतो. म्हणूनच पहाटेच्या धुक्यात धावण्याऐवजी ऊन वर आल्यावर सराव करणे, थंडीत नाका-तोंडावर रुमाल बांधणे आणि धुळीच्या रस्त्यावर धावणे टाळणे हे साधे उपायही उपयोगी पडतात.

साधा थकवा की दमा?

सरावाअभावी लागलेली धाप थांबल्यावर काही मिनिटांत ओसरते. दम्याची धाप याच्या उलट वागते. ती बहुधा पाच-दहा मिनिटांच्या जोरदार श्रमांनंतर किंवा खेळ थांबल्यावर वाढते आणि अर्ध्या ते एका तासात हळूहळू उतरते. खेळून घरी आलेले मूल बराच वेळ खोकत राहत असेल, तर त्याला आळशी किंवा अशक्त ठरवण्यापूर्वी डॉक्टरांकडे न्यावे. स्पायरोमेट्री या चाचणीत जोराने सोडलेला श्वास मोजतात. पहिल्या सेकंदात बाहेर पडणाऱ्या हवेचे प्रमाण व्यायामानंतर दहा टक्के किंवा अधिक घटल्यास या विकाराचे निदान होऊ शकते. झाशीत १९६८ पासून महाराणी लक्ष्मीबाई वैद्यकीय महाविद्यालय आहे. दूरच्या महानगराकडे धाव घेण्यापूर्वी तेथे किंवा जवळच्या छातीविकारतज्ज्ञाकडे चौकशी करावी.

पंपाचे कार्य

मोजून मात्रा देणारा पंप १९५६ मध्ये अमेरिकेत बाजारात आला. केसांवर मारायच्या फवाऱ्यासारख्या डबीत दम्याचे औषध का मिळत नाही, असा प्रश्न एका औषध कंपनीच्या अध्यक्षांना त्यांच्या १३ वर्षांच्या दमेकरी मुलीने विचारला होता. त्या प्रश्नातून हे साधन जन्मले. १९६९ मध्ये त्यात सालब्युटामॉल आले. हे औषध आवळलेले स्नायू काही मिनिटांत सैल करते.

पंपाची सवय लागते, तो शेवटचा उपाय आहे, गोळी त्याहून सौम्य असते, असे गैरसमज घरोघरी आढळतात. वस्तुस्थिती वेगळी आहे. दोन फवाऱ्यांत २०० मायक्रोग्रॅम सालब्युटामॉल असते, तर एका ४ मिलिग्रॅमच्या गोळीत त्याच्या वीसपट! फवारा थेट फुप्फुसांत पोहोचतो, म्हणून इतकी अल्प मात्रा पुरते.

डॉक्टरांनी सुचवले असल्यास व्यायामापूर्वी सुमारे १५ मिनिटे दोन फवारे घेतात. त्यांचे संरक्षण साधारण दोन ते चार तास टिकते. खेळापूर्वी दहा-पंधरा मिनिटे अंग गरम करण्याचा हलका व्यायाम केल्यास अनेकांना आणखी लाभ होतो.

फवारा घेण्याची रीत

१. झाकण काढून पंप नीट हलवावा व श्वास पूर्ण सोडावा.
२. पंप ओठांत घट्ट धरून हळू, खोल श्वास घेण्यास आरंभ करताच डबी दाबावी.
३. सुमारे दहा सेकंद श्वास रोखून मग सोडावा.
४. दुसरा फवारा अर्ध्या ते एका मिनिटाने, पुन्हा पंप हलवून घ्यावा.

श्वास आणि दाब यांचा मेळ न जमल्यास औषध घशातच राहते. अशा वेळी, विशेषतः मुलांसाठी, स्पेसर ही पोकळ नळी पंपास जोडावी.

पंपाचा हिशेब

एका डबीत सामान्यतः २०० फवारे असतात. आठवड्यातून तीन दिवस खेळापूर्वी दोन फवारे घेतल्यास आठवड्याला सहा, म्हणजे वर्षाला ३१२ फवारे होतात. वर्षाला दोन डब्याही पुऱ्या लागत नाहीत. याउलट डबी महिन्यातच संपत असेल, तर रुग्ण दिवसाला सहा-सात फवारे घेत आहे, असा त्याचा अर्थ. वर्षाला तीन किंवा अधिक डब्या लागणाऱ्यांना दम्याच्या तीव्र झटक्याचा धोका अधिक असतो. आकस्मिक खर्चासाठी राखलेली रक्कम दरमहा संपू लागली, तर दोष नियोजनात शोधावा लागतो. येथेही तसेच आहे.

कारण सालब्युटामॉल स्नायू सैल करते, पण श्वासनलिकांचा मूळ दाह शमवत नाही. रोज वापरल्यास त्याचे संरक्षणही कमी होत जाते. दाह शमवण्यासाठी श्वासावाटे घ्यायचे स्टिरॉइड लागते. म्हणूनच दम्यावरील 'जिना' या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शिकेने २०१९ पासून, १२ वर्षांवरील रुग्णांनी केवळ सालब्युटामॉलवर विसंबू नये, असे सांगितले आहे. स्टिरॉइड व फॉर्मोटेरॉल यांचा संयुक्त पंप गरजेनुसार, तसेच व्यायामापूर्वीही घेता येतो. कोणता पंप घ्यावा, हे मात्र डॉक्टरांनीच ठरवावे. जगातील दमेकऱ्यांपैकी सुमारे १३ टक्के भारतात आहेत, परंतु दम्याने होणाऱ्या मृत्यूंपैकी ४० टक्क्यांहून अधिक येथे होतात. नियमित उपचारांकडे होणारे दुर्लक्ष किती महाग पडते, हे या तफावतीवरून दिसते.

मैदानावर झटका आल्यास

खेळ तत्काळ थांबवून रुग्णास ताठ बसवावे, आडवे झोपवू नये. सालब्युटामॉलचे चार फवारे एकेक करून, शक्यतो स्पेसरमधून द्यावेत. चार मिनिटांत उतार न पडल्यास पुन्हा चार द्यावेत व १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. रुग्णास एक वाक्यही पुरे बोलता येत नसेल किंवा ओठ निळसर पडले असतील, तर क्षणाचाही विलंब न करता रुग्णवाहिका बोलवावी आणि ती येईपर्यंत फवारे देत राहावे. मुलाचा पंप घरच्या कपाटात न ठेवता त्याच्या दप्तरात असावा आणि तो कसा द्यायचा हे क्रीडाशिक्षकांनाही ठाऊक असावे.

१९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमधील अमेरिकेच्या ५९७ खेळाडूंपैकी ६७ जणांना व्यायामाने उसळणारा दमा होता. त्यांनी ४१ पदके जिंकली. त्यांनी खेळ सोडला नाही, दम्यावर उपचार घेतले. आपल्या घरातील मुलांनाही तीच संधी द्यावी. पंप लपवण्याची वस्तू नाही. ज्याला चष्मा लागतो तो चष्मा लावूनच मैदानात उतरतो.